शेतमजुराच्या घामाला पुरावा कोण देणार?

(नागपूर येथे कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात झालेल्या व्याख्यानाचे संपादित शब्दांकन)



कौटिल्याच्या अर्थशास्त्रात कामकऱ्यांच्या वेतनाचा विचार स्वतंत्रपणे केलेला आहे. कामकरी कोणत्या कामावर आणि कोणत्या बोलीने लागला आहे, हे शेजारपाजारच्या लोकांना ठाऊक असावे, असा तेथे दंडक आहे. बोली झाली असेल तर बोलीप्रमाणे वेतन द्यावे. बोली झालीच नसेल, तर शेतात राबणाऱ्याला पिकाचा दहावा भाग मिळावा. ठरलेले वेतन न देणाऱ्या धन्याला दंड करावा. या विधानांचा क्रम लक्षात घेण्यासारखा आहे. दंडाची भाषा नंतर येते, साक्षीदाराची व्यवस्था आधी येते. मजुरीचा तंटा न्यायासनापुढे गेला, की प्रश्न शेवटी एकाच गोष्टीवर येऊन ठेपतो: काम केले याला पुरावा काय?

आज शेतमजुरांच्या किमान वेतनाचे जे दावे उभे राहतात, किंवा उभे राहायला हवे असूनही राहत नाहीत, त्यांच्या मुळाशी हाच प्रश्न आहे. २०११ च्या जनगणनेनुसार देशात शेतमजुरांची संख्या १४ कोटींहून अधिक होती. स्वतःची शेती कसणारे १२ कोटींच्या आत होते. महाराष्ट्रात शेतमजूर सुमारे १ कोटी ३५ लाख आणि शेतकरी सुमारे १ कोटी २६ लाख. ज्या देशाला आपण कृषिप्रधान म्हणतो, तेथे शेतावर राबणाऱ्यांत जमीन नसलेलेच अधिक झाले आहेत. हा समाजाचा लहानसा कोपरा नव्हे.

गिरणीचा कामगार आणि बांधावरचा मजूर

नागपूरच्या श्रोत्यांना एम्प्रेस मिल ठाऊक आहे. जमशेटजी टाटांनी १८७७ मध्ये ती सुरू केली आणि २००२ मध्ये तिचा भोंगा कायमचा थांबला. या गिरणीत १९०१ मध्येच भविष्यनिर्वाह निधीची योजना आली होती. गिरणीतील कामगाराचे कष्ट कमी नव्हते. पण त्याचे नाव हजेरीपटावर होते, त्याच्या पाळीची वेळ नोंदलेली होती, पगाराचा कागद त्याच्या हाती येत होता. तंटा झाला तर दाखवायला काहीतरी होते.

याच शहरापासून तासाभराच्या अंतरावर काटोल-नरखेडकडे संत्र्याच्या बागा आहेत, सावनेरकडे कापूस आहे, मौदा-रामटेककडे धान आहे. तेथे निंदण करणाऱ्या बाईचे नाव कोणत्या वहीत असते? तिला शेतमालक सकाळी हाक मारतो, संध्याकाळी ती घरी जाते आणि आठवडी बाजाराच्या दिवशी चुकारा होतो. किती दिवस भरले, हे दोघांच्याही स्मरणावर असते. रोवणीच्या दिवसांत तर काम टोळीने गुत्त्यावर घेतले जाते. एकरामागे रक्कम ठरते आणि ती आपसात वाटून घेतली जाते. वेचणीचा हिशेब किलोवर असतो. पहिल्या वेच्याला बोंडे भरलेली असतात, हात भरभर चालतो. फरदडीच्या कापसाला दिवसभर वाकूनही पिशवी भरत नाही. दर किलोचा तोच राहिला, तर त्या दिवसाची मजुरी किमान वेतनाच्या खाली जाते. पण तशी ती गेली, हे सिद्ध करणारा कागद कोठेच तयार होत नाही.

कायदा आला, बांधावर पोहोचला नाही

किमान वेतनाचे विधेयक व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळातील मजूर खात्याचे सदस्य या नात्याने डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी ११ एप्रिल १९४६ रोजी मध्यवर्ती कायदेमंडळात मांडले. स्वातंत्र्यानंतर १९४८ मध्ये त्याचा कायदा झाला. कायद्याच्या अनुसूचीचे दोन भाग होते: पहिल्यात उद्योगधंदे आणि दुसऱ्यात शेती. राज्यघटनेच्या ४३ व्या अनुच्छेदानेही निर्वाह वेतनाचे उद्दिष्ट सांगताना शेतीवरील कामगाराचा स्पष्ट उल्लेख केला. म्हणजे शेतमजूर कायद्याच्या नजरेतून कधीच सुटलेला नव्हता.

सुटला तो अंमलबजावणीतून. शेतीसाठी दर ठरवण्याची मूळ मुदत राज्यांना पाळता आली नाही आणि ती पुनःपुन्हा वाढवावी लागली. त्याच काळात झालेल्या दोन अखिल भारतीय पाहण्यांचे आकडे बोलके आहेत. १९५०-५१ मध्ये शेतमजूर पुरुषाची सरासरी दैनिक मजुरी १ रुपया ९ पैसे होती. १९५६-५७ मध्ये ती ९६ पैशांवर आली. स्त्रियांची ६८ पैशांवरून ५९ पैशांवर घसरली. कायदा झाल्यानंतरच्या वर्षांत मजुरी वाढण्याऐवजी उतरली.

महाराष्ट्रात या प्रश्नाला गती मिळाली ती सत्तरच्या दशकात. दुष्काळाची वर्षे होती. धुळे जिल्ह्यातील शहादा भागात आदिवासी सालदार आणि मजूर आपल्या मजुरीसाठी संघटित होत होते. विधानपरिषदेचे सभापती आणि रोजगार हमी योजनेचे जनक वि. स. पागे यांच्या अध्यक्षतेखालील समितीने १९७३ मध्ये शेतमजुरांच्या स्थितीविषयी अहवाल दिला. त्यानंतर १९७४ मध्ये राज्यात शेतीकामाचे किमान दर परिमंडळांनुसार लागू झाले. दर आले, ते पुढे सुधारलेही गेले. परंतु राजपत्रातील दर आणि बांधावरचा दर यांच्यामध्ये उभे राहून विचारणारे कोणी नव्हते.

न्यायालयांनी दिलेले उत्तर

या विषयावर आपल्या न्यायव्यवस्थेने घेतलेली भूमिका कार्यकर्त्यांनी नीट समजून घ्यावी अशी आहे. १९८२ मध्ये दिल्लीतील आशियाई क्रीडा स्पर्धांच्या बांधकामावरील मजुरांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की किमान वेतनाहून कमी मोबदल्यात करून घेतलेले काम ही राज्यघटनेच्या २३ व्या अनुच्छेदाने निषिद्ध ठरवलेली वेठच आहे. भूक हीही सक्तीच असते, हा त्या निकालाचा गाभा होता. उपाशी माणूस कमी मजुरीला हो म्हणतो, म्हणून ती त्याची स्वखुशी ठरत नाही.

पुढच्याच वर्षी, १९८३ मध्ये, राजस्थानच्या दुष्काळी कामांचे प्रकरण आले. अजमेर जिल्ह्यातील एका रस्त्याच्या कामावर टोळीने केलेले काम मोजून मजुरी वाटली जात होती आणि अनेकांच्या, त्यातही स्त्रियांच्या, हाती किमान दरापेक्षा कमी पैसे पडत होते. दुष्काळनिवारण हे उपकाराचे काम आहे, हा बचाव न्यायालयाने फेटाळला. टोळीचे काम असो वा एकट्याचे, किमान वेतनाच्या खाली कोणालाही ठेवता येणार नाही. गुत्त्यावर चालणाऱ्या रोवणीला हेच तत्त्व लागू पडते.

तिसरे प्रकरण नागपूरशी निगडित आहे. येथे मुख्यालय असलेल्या मँगनीज ओअर (इंडिया) या कंपनीच्या खाणकामगारांचा तंटा १९९०-९१ च्या सुमारास सर्वोच्च न्यायालयात निकाली निघाला. कामगारांना सवलतीच्या दरात धान्य मिळत असे. त्या सवलतीची किंमत किमान वेतनात धरावी, असे कंपनीचे म्हणणे होते. न्यायालयाने ते मानले नाही. वेतन रोखीनेच दिले पाहिजे. वस्तुरूपाने देण्याची परवानगी शासनाने अधिसूचनेने दिली असेल तरच ती किंमत वेतनात धरता येते. तंटा खाणीचा होता, पण ज्या कलमावर तो निकाली निघाला, ते शेतीलाही तसेच लागू होते. 'धान्य दिले, पोळ्याला कपडे केले, लग्नात मदत केली' हा हिशेब आपल्याकडे किती सहज मांडला जातो! ते सारे मायेपोटी दिले असेल तर त्याचे मोल आहेच. पण त्याने मजुरी फिटत नाही.

दावा कोठे हरतो?

कायदा असा भक्कम आणि न्यायालये अशी स्पष्ट; मग शेतमजूर का हरतो? पहिले कारण मुदतीचे होते. १९४८ च्या कायद्याप्रमाणे कमी मजुरीचा दावा ती देय झाल्यापासून सहा महिन्यांत करावा लागे. आता विदर्भातील सालदाराची स्थिती पाहा. त्याचे साल गुढीपाडव्याला ठरते आणि पुढच्या पाडव्याला हिशेब होतो. कायद्याला महिन्याहून मोठा वेतनकाल मान्य नाही. म्हणजे प्रत्येक महिन्याची मजुरी त्या त्या महिन्यात देय होते. साल बारा महिन्यांचे आणि दाव्याची मुदत सहा महिन्यांची! हिशेबाच्या दिवशी फसवणूक त्याच्या ध्यानात येई, तेव्हा अर्ध्या वर्षाची मजुरी मुदतीबाहेर गेलेली असे. विलंब माफ करण्याचा अधिकार प्राधिकाऱ्याला होता. सातारा जिल्ह्यातील लोणंद ग्रामपंचायतीच्या कर्मचाऱ्यांच्या प्रकरणात विलंबाच्या 'पुरेशा कारणा'चा अर्थ उदारपणे लावावा, अशी भूमिका सर्वोच्च न्यायालयाने साठच्या दशकातच घेतली होती. पण विलंबमाफीचा अर्ज करावा लागतो, हे बांधावरच्या माणसाला कोणी सांगायचे?

दुसरे कारण उचलीचे. सालाच्या आरंभी घेतलेली उचल सालदाराच्या डोक्यावर असते. मजुरी कमी मिळाली असे तो म्हणाला, की उचलीची वही पुढे येते. ती वही धन्याच्या घरी, धन्याच्या अक्षरात. मजुराच्या कष्टाची नोंद नाही, पण त्याच्या कर्जाची नोंद आहे, अशी ही विषम लढाई असते. उचलीच्या बदल्यात माणूस बांधून ठेवणे १९७६ च्या वेठबिगार निर्मूलन कायद्याने गुन्हा आहे. परंतु गावात त्याला कोणी गुन्हा म्हणत नाही, व्यवहार म्हणतात.

तिसरे आणि सर्वांत खोलवर गेलेले कारण नात्यांचे. गिरणीचा मालक कामगाराला रोज भेटत नव्हता. शेतमालक आणि मजूर एकाच गावात राहतात, एकाच विहिरीवर आणि एकाच देवळात त्यांची गाठ पडते. दावा लावला तर उद्या काम मिळणार नाही, आजारपणात पन्नास रुपये मिळणार नाहीत, ही भीती खरी आहे. त्यातून अनेक तंटे न्यायालयाच्या पायरीपर्यंत पोहोचतच नाहीत आणि तंटे नाहीत म्हणून अन्याय नाही, असा सोयीचा निष्कर्ष काढला जातो.

नव्या संहितेने काय बदलले?

वेतन संहिता २०१९ मध्ये संसदेने संमत केली आणि २१ नोव्हेंबर २०२५ पासून ती लागू झाली. १९४८ च्या कायद्याची जागा आता तिने घेतली आहे. शेतमजुराच्या दृष्टीने तिच्यातील काही बदल महत्त्वाचे आहेत.

दाव्याची मुदत सहा महिन्यांवरून तीन वर्षांवर गेली. सालदाराला आता पूर्ण सालाचाच नव्हे, मागच्या सालांचाही हिशेब मागता येईल. मजुरी दिली हे सिद्ध करण्याची जबाबदारी मालकावर आली. दिली नाही हे मजुराने सिद्ध करायचे नाही. थकलेल्या रकमेशिवाय तिच्या दहापटीपर्यंत भरपाई देण्याचा प्राधिकाऱ्याचा अधिकार कायम राहिला. समजा, एखाद्याला दिवसाला ५० रुपये कमी मिळाले आणि वर्षात २०० दिवस भरले, तर थकबाकी १०,००० रुपये होते. भरपाई त्यावर एक लाखापर्यंत जाऊ शकते. दावा मजूर स्वतः करू शकतो, तसाच नोंदणीकृत कामगार संघटनेलाही करता येतो. शक्यतो तीन महिन्यांत निकाल द्यावा, असेही संहिता सांगते. कमी मजुरी देणाऱ्याला पूर्वी दंडाची कमाल मर्यादा ५०० रुपये होती. आता पहिल्या गुन्ह्याला ती ५०,००० रुपये आहे. एकाच कामासाठी स्त्री म्हणून कमी मजुरी देता येत नाही, हे तत्त्वही संहितेने आपल्यात सामावून घेतले आहे.

पण एक बारीक कलम नजरेआड करून चालणार नाही. शेतीसाठी पाचपर्यंतच माणसे लावणाऱ्या मालकाला नोंदवह्या ठेवण्याच्या बंधनातून सूट आहे. निरीक्षकाने मागितल्यास मजुरी दिल्याचा वाजवी पुरावा मात्र त्याला द्यावा लागतो. विदर्भातील बहुसंख्य शेते याच सुटीत बसतील. म्हणजे वहीची सक्ती नाही, पण पुराव्याची आहे! उद्या दावा झाला आणि मजुरी दिल्याचे दाखवायला प्रामाणिक शेतकऱ्याकडेही कागद नसला, तर तोही अडचणीत येईल. वही न ठेवणे आजवर मजुराच्या मुळावर येत होते. यापुढे ते मालकाच्याही मुळावर येऊ शकते. दोघांचे हित प्रथमच एका वहीत आले आहे.

'शेतकरीच बुडाला, तर मजुरी कोठून?'

हा प्रश्न खोटा नाही. विदर्भातील कोरडवाहू कापूस उत्पादकाने काय सोसले, हे नागपूरकरांना सांगावे लागत नाही. पाऊस, भाव आणि कर्ज यांच्या कचाट्यात सापडलेला पाच एकरांचा धनी स्वतःच दुसऱ्याच्या बांधावर मजुरीला जातो. त्याला शोषक ठरवून मजुराच्या विरोधात उभे करणे हा अन्याय ठरेल. दत्तोपंत ठेंगडी मूळचे वर्धा जिल्ह्यातील आर्वीचे. १९५५ मध्ये भारतीय मजदूर संघ आणि १९७९ मध्ये भारतीय किसान संघ, या दोन्हींची उभारणी त्यांनी केली. मजूर आणि शेतकरी यांना परस्परांचे वैरी न मानणारी ही दृष्टी आहे.

मात्र तिचा अर्थ मजुराने गप्प राहावे असा नाही. मालकाची ऐपत नाही, हे किमान वेतन न देण्याचे कारण होऊ शकत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने पन्नास-साठच्या दशकांपासून वारंवार सांगितले आहे. किमान वेतन ही जगण्याची तळरेषा आहे. तिच्या खाली घासाघीस नाही. शेती तोट्यात असेल तर तो तोटा शेतकऱ्याने कोठे मांडायचा, हा खरा प्रश्न आहे. तो शासनापुढे आणि बाजारापुढे मांडला पाहिजे. पिकाच्या उत्पादनखर्चात मजुरी हा मोठा घटक असतो. शेतकऱ्याने दिलेली पूर्ण मजुरी कागदावर आली, तर त्याचा खरा उत्पादनखर्चही कागदावर येतो आणि रास्त भावाच्या मागणीला आधार मिळतो. मजुरी दडपली, की खर्च कमी दिसतो आणि भावही कमीच ठरतो. शेतमजुराचे कमी वेतन अखेर शेतकऱ्याच्याच भावाला खाली ओढते.

आणि सगळेच शेतमालक बुडालेले नसतात. धरमपेठ, लक्ष्मीनगर, प्रतापनगर या वस्त्यांत अशी कितीतरी सुस्थितीतील कुटुंबे आहेत, ज्यांची गावाकडे दहा-वीस एकर जमीन आहे आणि जी नोकरीच्या किंवा व्यवसायाच्या उत्पन्नावर जगतात. शेत सालदाराच्या हवाली असते. व्यवहार फोनवर होतो. वर्षातून दोन-चारदा मोटारीने जाऊन हुरडा खाऊन येणे होते. त्या सालदाराला ठरवलेली वार्षिक रक्कम ३६५ दिवसांनी भागून आजच्या सरकारी दराशी कोणी ताडून पाहिली आहे काय? पहाटे बैलांना चारा घालण्यापासून रात्री पिकाची राखण करण्यापर्यंतचे तास कोणी मोजले आहेत काय? किमान वेतन बुडवणारा मालक म्हटला की डोळ्यांपुढे चाबूक घेतलेला जमीनदार येतो. पुष्कळदा तो सुशिक्षित, सज्जन आणि केवळ हिशेबाकडे दुर्लक्ष करणारा गृहस्थ असतो. कायद्याच्या लेखी दोघांत फरक नाही.

करण्याजोगे काम

अंत्योदयाचा विचार व्यासपीठावर मांडणे सोपे आहे; तो वहीत उतरवणे हे काम आहे. ज्या गावांत कार्यकर्त्यांचा संपर्क आहे, तेथे शेतीकामाचे त्या सहामाहीचे दर ग्रामपंचायतीच्या फलकावर लागतील, एवढे पाहता येईल. मजुराच्या हाती एक साधी वही द्यावी: तारीख, शेत, काम, वेळ, मिळालेली रक्कम आणि समोर मालकाची सही. मालकाकडेही तशीच वही असावी आणि तीत मजुराची सही वा अंगठा असावा. लिहिता न येणाऱ्यासाठी गावातील महाविद्यालयीन मुलगा किंवा मुलगी बाजाराच्या दिवशी अर्धा तास बसली, तरी आठवड्याची नोंद पूर्ण होते. सालदाराची बोली पाडव्याला दोन साक्षीदारांसमोर लिहून घ्यावी, मजुरी महिन्याच्या महिन्याला द्यावी आणि उचलीचा हिशेब त्याच कागदावर, दोघांच्या सह्यांनी ठेवावा.

तंटा झालाच तर आधी समजुतीने मिटवण्याचा प्रयत्न जरूर करावा. पण समजूत म्हणजे मजुराला किमान दराखाली उतरायला लावणे नव्हे. हक्क सोडून दिल्याचा कागद करून घेतला तरी १९४८ च्या कायद्याने तो निरर्थक ठरवला होता. समजूत पटली नाही, तर प्राधिकाऱ्यापुढे अर्ज लिहून देण्यापासून तारखेला सोबत जाण्यापर्यंत साथ द्यावी. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींतील व्यक्ती आणि वेठीचे बळी यांना १९८७ च्या विधी सेवा कायद्यानुसार मोफत कायदेशीर मदतीचा हक्क आहे. तालुक्याच्या न्यायालयात त्यासाठी समिती असते. दावा लावणाऱ्याचे काम बंद होणार नाही, याची काळजी गावातील चार जाणत्या माणसांनी घेतली, तर निम्मी भीती तेथेच संपते.

कामकरी कोणत्या बोलीने राबतो हे शेजाऱ्यांना ठाऊक असावे, असे कौटिल्याने सांगितले ते याचसाठी. गावच्या माणसांनी साक्षीला उभे राहायचे आहे. येत्या गुढीपाडव्याला नवी साले ठरतील. त्या दिवशी आपल्या स्वतःच्या शेतावरच्या सालदाराची बोली सरकारी दराशी ताडून, लिहून आणि सही करून घेण्यापासून या कामाचा प्रारंभ व्हावा.